फूटपाथवरचं घर आणि कलम ३१४

विधी महाविद्यालयात मी बरीच वर्षं शिकवलं. 'ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका' हा खटला आमच्या मुलांना तोंडपाठ असतो. जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो, एवढं लिहिलं की मार्क मिळतात. मीही तेवढ्यावर मार्क दिले. अख्खं निकालपत्र सावकाश वाचलं ते निवृत्तीनंतर, आणि सुरुवातीच्या पानांवरच थबकलो. तिथे मला माझ्या गावाकडचा माणूस भेटला.

हा माणूस संगमनेरचा, म्हणजे तेव्हाच्या अहमदनगर आणि आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातला. चांभारकाम करून दिवसाला सात-आठ रुपये मिळवायचा. गावातलं घर पडलं आणि १९६९ साली तो मुंबईला आला. बदली कामगार म्हणून महिना ३५० रुपयांवर लागला. तुळशीवाडीच्या फूटपाथवर जागा मिळावी म्हणून तिथल्या दादाला त्यानं ३०० रुपये मोजले आणि बांबू अन् प्लॅस्टिकला ७००. म्हणजे जवळजवळ तीन महिन्यांचा पगार. सरकारी जागेवरचं अतिक्रमण फुकट असतं असं आपण समजतो. या गृहस्थाकडे फक्त पावती नव्हती. ज्यानं ३०० रुपये खिशात घातले, त्याला कुणी कोर्टात उभं केलं नाही.

१३ जुलै १९८१ रोजी मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी जाहीर केलं, की फूटपाथवर राहणाऱ्यांना उठवून आपापल्या मूळ गावी किंवा मुंबईबाहेर धाडण्यात येईल. २३ जुलैला, ऐन पावसाळ्यात, झोपड्या पाडल्या आणि माणसं एस.टी.च्या गाड्यांत कोंबली. त्या प्रवासात दोन मुलं जन्मली आणि दोन दगावली, अशी नोंद निकालपत्रात आहे. हे वाक्य मी वर्गात कधी वाचून दाखवलं नव्हतं.

पत्रकार ओल्गा टेलिस आणि इतरांनी सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली. इंदिरा जयसिंग यांनी झोपडीवाल्यांची बाजू मांडली. याचिका करणाऱ्यांत पश्चिम द्रुतगती मार्गाजवळच्या कामराजनगरचे रहिवासीही होते. या वस्तीची जन्मकथा ऐका. १९६०च्या सुमारास त्या रस्त्याकडेनं पाण्याचे नळ टाकायचं काम चाललं होतं. ते नळ टाकणाऱ्या मजुरांनी या झोपड्या बांधल्या. शहराला पाणी देणारे हात, आणि कायद्याच्या भाषेत अतिक्रमक.

महापालिकेचं हत्यार होतं १८८८ च्या मुंबई महानगरपालिका कायद्यातलं ३१४ वं कलम. रस्त्यावरचं अतिक्रमण आयुक्त नोटीस न देता काढू शकतात, असं ते सांगतं. शिवाय पालिकेचा एक मुद्दा असा, की फूटपाथवर झोपडी बांधायचा आम्हाला हक्क नाही, हे याच लोकांनी उच्च न्यायालयात कबूल केलंय; मग आता उलटता कसे? न्यायालय म्हणालं, मूलभूत हक्क असा बोलून सोडता येत नाही.

१० जुलै १९८५ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठानं निकाल दिला. लिहिला सरन्यायाधीश य. वि. चंद्रचूड यांनी. आपले पुण्याचे. दुसऱ्या दिवशी ते निवृत्त झाले.

आता मुलं जिथे वाचन थांबवतात, त्याच्या पुढची पानं. उपजीविका हिरावणं म्हणजे जीवन हिरावणं, हे मान्य. पण फूटपाथ चालणाऱ्यांसाठी असतात, तिथे घर करायचा हक्क कुणाला नाही. ३१४ वं कलमही वैध. ते आयुक्तांना नोटीस टाळायची मुभा देतं, सक्ती करत नाही; एरवी म्हणणं ऐकून घ्यायलाच हवं. मग या लोकांचं म्हणणं पालिकेनं ऐकावं असा आदेश? तोही नाही. ते आम्ही इथे पुरेसं ऐकलंय, असं न्यायालयानं म्हटलं. १९७६ च्या गणनेत ओळखपत्र मिळालेल्यांना पर्यायी जागा द्यावी, पावसाळा संपून महिना होईपर्यंत, ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, झोपड्या हलवू नयेत, असं मात्र सांगितलं. मला हा निकाल मोठा वाटतो आणि अर्धाही वाटतो. दोन्ही मतं मी सोडायला तयार नाही.

त्याच काळात त्याच शहरात ब्रीच कँडीला 'प्रतिभा' नावाची ३६ मजली इमारत उभी राहिली होती. परवानगीपेक्षा जास्त बांधकाम, म्हणून १९८४ साली वरचे आठ मजले पाडायचा हुकूम निघाला. इथे ३१४ चा झटका नव्हता. नोटीस झाली, उत्तर झालं, सोसायटीनं अपील केलं. आडवे मजले नकोत, उभा छेद घेऊन थोडं थोडं पाडू, असा प्रस्तावही तिनं दिला. १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तिला नकार दिला आणि पाडकाम कायम केलं. निकाल कडक होता, यात शंका नाही. पण हुकूम आणि हातोडा यांच्या मध्ये इतकी वर्षं कुणाला मिळाली, हेही बघा.

संगमनेरच्या त्या माणसाचं पुढे काय झालं, ते निकालपत्रात नाही. त्याच्याबद्दल लिहिलंय, की ३०० रुपयांत जागा मिळाली म्हणजे तो नशीबवान.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)