दिनविशेष, २८ डिसेंबर : बिननावाची तारका

मूळच्या कॅनडाच्या मूकपट अभिनेत्री फ्लोरेन्स लॉरेन्स यांनी १९३८ साली आजच्या दिवशी आयुष्य संपवले. त्यांचे तारकापद ही निर्माते कार्ल लेमले यांच्या जाहिरातबाजीची करामत, असे सर्रास म्हटले जाते. ते अर्धेच खरे. त्या आधी ज्या बायोग्राफ कंपनीत होत्या, ती नटनट्यांची नावे जाहीर करत नसे. नाव झाले की पगार वाढवून मागतील, ही धास्ती. तरीही प्रेक्षकांनी चेहरा हेरला आणि ‘बायोग्राफ गर्ल’ असे बारसे उरकूनही टाकले. पुढे लेमले यांनी त्यांना आपल्याकडे घेतले. मग त्या ट्रामच्या अपघातात गेल्याची वावडी उठली. मार्च १९१० मध्ये लेमले यांनी ती खोडणारी जाहिरात दिली. (वावडीही बहुधा त्यांचीच!) पण अनोळखी बाईच्या मरणाची हूल उठवून कोणाला काय मिळणार? ओढ आधीच होती, लेमले यांनी तिला नाव पुरवले. फ्रान्सचे मॅक्स लिंडर, व्हायटाग्राफ कंपनीच्या फ्लोरेन्स टर्नर हेही त्याच सुमारास नावानिशी गाजू लागले, तेव्हा ‘पहिली तारका’ हा किताब वादाचा, हे मान्य. पण नाव लपवून चेहरा लपत नाही, हे बायोग्राफला दाखवून दिले ते लॉरेन्स यांनीच. बोलपटांच्या काळात त्यांच्या वाट्याला किरकोळ भूमिका आल्या. हॉलिवूडमधल्या त्यांच्या थडग्यावर १९९१ पर्यंत नावाचा दगडही नव्हता.