लोकसेवा भरती : अनुभवाची अट आणि न्यायालये

सरकारी पदाच्या जाहिरातीत वयोमर्यादा व शैक्षणिक अर्हता यांच्या जोडीला अनेकदा अनुभवाची अट असते. वय आणि पदवी यांची पडताळणी दाखल्यावरून होते; अनुभवाचे तसे नाही. कोणत्या कामाचा, केव्हापासूनचा आणि कोणत्या तारखेपर्यंतचा अनुभव ग्राह्य धरायचा, यावरून मतभेद होतात आणि निवड यादी न्यायालयात अडकते. तोवर उमेदवाराचे वय मात्र वाढत राहते.

राज्यघटनेचे कलम १६ सरकारी नोकरीत समान संधीची हमी देते, तर कलम ३०९ अन्वये सेवाप्रवेश नियम तयार होतात. महाराष्ट्रात राज्य सेवेतील भरतीचे वाद प्रथम १९९१ मध्ये स्थापन झालेल्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे, म्हणजे 'मॅट'पुढे जातात.

अनुभव कोणता?

महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या सहायक आयुक्त (औषधे) व औषध निरीक्षक या पदांच्या भरतीत हाच प्रश्न उभा राहिला. औषधांच्या निर्मितीचा किंवा चाचणीचा अनुभव मागितला असताना संशोधन व विकास विभागातील काम त्यात धरावे, असे काही उमेदवारांचे म्हणणे होते. सर्वोच्च न्यायालयाने मे २०१९ मध्ये ते अमान्य केले. पदासाठी कोणती अर्हता आवश्यक, हे नियोक्त्याने ठरवायचे. समकक्षता ठरविणे हे न्यायालयाचे काम नव्हे, असा या निकालाचा गाभा आहे. जाहिरातीत संदिग्धता असल्यास प्रकरण नियुक्ती प्राधिकाऱ्याकडे परत पाठविता येते.

अनुभव केव्हापासून?

पदवीपूर्वीची सेवा धरायची का, याचे उत्तर नियमाच्या शब्दरचनेवर अवलंबून असते. पाँडिचेरीतील अभियंत्यांच्या पदोन्नतीच्या प्रकरणात १९९१ मध्ये पदवीनंतरचीच तीन वर्षांची सेवा ग्राह्य ठरली. तेथील दीर्घकाळची प्रथा त्यास कारणीभूत होती. २००० मधील रघुमणी सिंह प्रकरणात, नियमात तसा उल्लेख नसल्याने, पदवीपूर्वीची सेवाही मोजली गेली. २००१ मध्ये इंडियन एअरलाइन्सच्या प्रकरणात मात्र अर्हतेसह अनुभव मागितला असेल तर तो अर्हतेनंतरचाच, असे न्यायालयाने म्हटले.

कोणत्या तारखेपर्यंत?

अर्ज स्वीकारण्याचा अखेरचा दिवस हीच पात्रतेची कसोटी, हे तत्त्व १९९७ च्या अशोककुमार शर्मा निकालाने पक्के केले. त्यामागे न्यायाचा विचार आहे. अट पूर्ण नसल्यामुळे ज्यांनी प्रामाणिकपणे अर्जच केला नाही, त्यांच्यावर एरवी अन्याय होतो.

न्यायाधीशपदाचा वाद

कनिष्ठ न्यायाधीशपदासाठी तीन वर्षांच्या वकिलीची अट १९९३ च्या निकालाने आली. हुशार पदवीधर या सेवेकडे वळत नाहीत, या शेट्टी आयोगाच्या निरीक्षणानंतर २००२ मध्ये ती काढण्यात आली. २० मे २०२५ रोजी सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या अध्यक्षतेखालील पीठाने ती पुन्हा लागू केली. हा कालावधी वकील म्हणून तात्पुरत्या नोंदणीपासून मोजला जातो. न्यायाधीशांकडे विधी लिपिक म्हणून केलेले कामही त्यात धरले जाते. आधीच सुरू झालेल्या भरती प्रक्रियांना ही अट लावण्यात आली नाही.

जिल्हा न्यायाधीशपदासाठी कलम २३३(२) मध्ये सात वर्षांच्या वकिलीची अट आहे. सेवेतील न्यायिक अधिकाऱ्यांना या थेट भरतीचे दार २०२० च्या निकालाने बंद झाले होते. ९ ऑक्टोबर २०२५ रोजी घटनापीठाने तो निकाल फिरविला. वकिली आणि न्यायिक सेवा मिळून सात वर्षे भरत असल्यास आता अर्ज करता येतो. त्यासाठी किमान वय ३५ वर्षे ठरविण्यात आले.

उमेदवारांसाठी

अनुभवाच्या प्रमाणपत्रात पदनाम, कामाचे स्वरूप आणि कालावधी स्पष्ट असावा. अटीबाबत आक्षेप असेल तर तो वेळीच नोंदवावा. आक्षेप न घेता निवड प्रक्रियेत भाग घ्यायचा आणि अपयश आल्यावर तीच आव्हानित करायची, हे न्यायालये सहसा मान्य करत नाहीत.