लाल महालावरील छापा : कथा आणि कागद

डोलवी-पेण परिसरातील वाचकाला उंबरखिंड परकी नाही. २ फेब्रुवारी १६६१ रोजी शिवाजी महाराजांनी तेथील रानात कारतलबखानाच्या मोगली फौजेची कोंडी केली. त्या फौजेला कोकणात धाडणारा शायिस्तेखान मात्र पुण्याच्या लाल महालात निर्धास्त होता. दोन वर्षांनी, ५ एप्रिल १६६३ च्या रात्री, महाराज त्याच्या शयनगृहापर्यंत पोहोचले.

या छाप्याभोवती पुढे कथांचे दाट जाळे विणले गेले. कात्रजच्या घाटात बैलांच्या शिंगांना पलिते बांधून शत्रूला चकविल्याची कथा आपण बालपणापासून ऐकतो. समकालीन कागदांत तिचा आधार मिळत नाही. हीच युक्ती इ.स.पूर्व २१७ मध्ये हॅनिबलने रोमनांविरुद्ध योजल्याचे मात्र सर्वश्रुत आहे. लग्नाच्या वरातीची हकीकत खाफीखान देतो, परंतु त्याने लिहिले ते कित्येक दशकांनंतर. तीन बोटे तुटली, असे सभासद म्हणतो. खाफीखान अंगठा म्हणतो. ‘जिवावरचे बोटावर निभावले’ हे खरे, एवढे धरून चालावे.

घटनेला सर्वांत जवळचा कागद राजापूरच्या इंग्रज वखारीतील गिफर्डचा. महाराजांनी रावजी पंडितांना लिहिलेल्या पत्राचा सारांश त्याने १२ एप्रिल १६६३ रोजी कळविला. चारशे निवडक माणसे, काही तरी निमित्त करून प्रवेश, खानाचा पुत्र ठार, आपले सहा पडले, चाळीस जखमी. खानाच्या बारा स्त्रिया मारल्या गेल्याचेही त्यात आहे. शाळेतल्या गोष्टीत या स्त्रियांना जागा नसते. रात्रीच्या त्या कल्लोळात हेतू कोणता आणि अपघात कोणता, हे सांगणे कठीण. म्हणून ती ओळ गाळण्याचा अधिकार मात्र आपणांस पोहोचत नाही. महाराजांचे साहस त्यामुळे तसूभरही उणे होत नाही.

जसवंतसिंह आतून सामील होता, अशी वदंताही त्याच पत्रात आहे. ती वदंताच म्हणावी, कारण औरंगजेबाने त्याला दक्षिणेतच ठेवले आणि त्याने पुढे सिंहगडाला वेढाही घातला, निष्फळ का होईना.

खानाची कारकीर्द त्या रात्री संपली, हाही एक लोकप्रिय समज. बादशहाने रागाने त्याला बंगालवर धाडले खरे. पण १६६६ मध्ये त्याच्या फौजेने चितगाव घेतले, आणि तेही आराकानच्या राजाची चाकरी सोडून आलेल्या पोर्तुगीज वंशाच्या फिरंगी दर्यावर्दींच्या साहाय्याने. खान निवर्तला तो १६९४ मध्ये, महाराजांनंतर चौदा वर्षांनी.