पटेल, डॉ. जब्बार

(1942 – ). नट म्हणून रंगभूमीवर आलेले आणि पुढे नाट्य व चित्रपट या दोन्ही क्षेत्रांत दिग्दर्शक म्हणून मान्यता पावलेले मराठी कलावंत. जन्म पंढरपूरचा. शालेय शिक्षण सोलापूरास झाले. तेथेच शाळेच्या रंगमंचावर त्यांनी तोंडाला प्रथम रंग लावला आणि प्रा. श्रीराम पुजारी यांच्या घरच्या सहवासात साहित्य-संगीताची गोडी त्यांना लागली. पुण्यास बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयात शिकत असतानाही नाटकाचा नाद सुटला नाही. भालबा केळकरांच्या प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन या संस्थेत ते वाढले आणि पुढे दौंड येथे बालरोगतज्ज्ञ म्हणून दवाखाना चालवीत असतानाही पुण्याच्या तालमींना अंतर पडू न देता त्यांनी दिग्दर्शनाचा मार्ग धरला.

विजय तेंडुलकरांचे 'घाशीराम कोतवाल' त्यांनी 16 डिसेंबर 1972 रोजी पुण्यात रंगभूमीवर आणले. पेशवाईतील पुण्याच्या कोतवालीचा अंमल, नाना फडणविसांचे कारस्थान आणि एका परक्या ब्राह्मणाच्या सूडाची कथा सांगताना देखाव्यांचे पडदे बाजूस सारून नटांचीच ओळ उभी करावी, तीच ओळ क्षणात भिंत व्हावी, क्षणात कीर्तनाचा जमाव व्हावी आणि तिच्याआड चाललेला अनाचार तिनेच झाकावा, ही त्यांची योजना मराठी रंगभूमीला सर्वस्वी नवी होती. भास्कर चंदावरकरांचे संगीत आणि कृष्णदेव मुळगुंद यांची नृत्यरचना तिला लाभली. समुदायाची अशी हालचाल बांधणे स्वतः रंगमंचावर उभा राहिलेल्या नटालाच साधावे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. एकोणीस प्रयोगांनंतर प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनने नाटक थांबविले. तेव्हा पटेल व त्यांच्या सहकाऱ्यांनी 1973 साली थिएटर अकादमी स्थापन करून ते पुन्हा उभे केले आणि 1980 साली युरोपच्या दौऱ्यावर नेले. पु. ल. देशपांडे यांनी ब्रेख्तवरून बेतलेला 'तीन पैशाचा तमाशा' हाही त्यांचा गाजलेला प्रयोग होय.

'सामना' हा त्यांचा पहिला चित्रपट 1975 साली बर्लिनच्या महोत्सवात दाखविला गेला. त्यातील साखरसम्राट हिंदुराव (निळू फुले) आणि त्याच्या दारी आलेला व्यसनी मास्तर (श्रीराम लागू) यांची झुंज, सहकाराचा कारभार जवळून पाहिलेल्या खानदेशातील सावदा-फैजपूर भागातील प्रेक्षकास, कोणी उलगडून सांगण्याची गरज पडत नाही. अरुण साधूंच्या कादंबऱ्यांवरील 'सिंहासन' (1979), 'एक होता विदूषक' (1992), 'मुक्ता' (1994) आणि मामुट्टीला राष्ट्रीय पुरस्कार मिळवून देणारा 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' (2000) हे पुढील टप्पे होत.

खानदेशाशी त्यांचे नाते दोन व्यक्तींमुळे जडले. गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरील 'जैत रे जैत' (1977) या चित्रपटाची गीते ना. धों. महानोर यांची; त्यांचे गाव पळसखेड अजिंठ्याच्या पायथ्याशी आणि शिक्षण शेंदुर्णी व जळगाव येथले. हृदयनाथ मंगेशकरांच्या स्वररचनेत ठाकरांच्या डोंगरातली ही कथा गाण्यांतूनच पुढे सरकते, आणि त्या गाण्यांना आमच्या शेतशिवाराचा वास आहे. दुसरी व्यक्ती स्मिता पाटील, मूळच्या शिरपूरच्या घराण्यातील. शांता निसळ यांच्या 'बेघर' या कादंबरीवरून घेतलेल्या 'उंबरठा' (1982) या चित्रपटात त्यांनी महिलाश्रमाची अधीक्षिका सुलभा महाजन उभी केली. नवऱ्याचे घर, नोकरीची जागा आणि मुलीची ओढ यांपैकी एकही तिला पूर्णपणे आपलेसे करू शकत नाही, हे दिग्दर्शकाने कोठेही आवाज न चढविता दाखविले. 'घाशीराम'मध्ये समुदाय बांधणाऱ्या या दिग्दर्शकाने येथे एकट्या स्त्रीचा चेहरा तितक्याच धीराने न्याहाळला. म्हणून त्यांच्या चित्रपटांत 'उंबरठा'चे स्थान पहिले होय.