राम, कृष्ण आणि टिपू : सलीम घौस यांचे किरदार

भोर-वेल्हे भागात इतिहास फक्त पुस्तकात राहत नाही. राजगड आणि तोरणा इथल्या मुलांच्या नजरेसमोर उभे असतात. वेल्हे तालुक्याचं नावही आता राजगड झालं आहे. पण इतिहासाचा विषय निघाला की 'आपले' आणि 'त्यांचे' अशी वाटणीही लगेच होते. उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवत असल्यामुळे ती मला दोन्ही बाजूंनी ऐकू येते. अशा वेळी मला एका नटाची आठवण होते. चेहरा अनेकांनी पाहिलेला, नाव मात्र थोड्यांनाच ठाऊक : सलीम घौस.

त्यांचा जन्म १९५२ साली मद्रासचा. कॉलेजनंतर ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकले. 'चक्र' (१९८१), गोव्यात घडणारा 'त्रिकाल' (१९८५) अशा चित्रपटांत आणि दूरदर्शनच्या 'सुबह' (१९८७) मालिकेत त्यांनी कामं केली.

१९८८ मध्ये श्याम बेनेगल यांची 'भारत एक खोज' दूरदर्शनवर सुरू झाली. पंडित नेहरूंच्या ग्रंथावर आधारलेले ५३ भाग. त्यात सलीम घौस राम झाले, कृष्ण झाले आणि टिपू सुलतानही झाले. त्याच मालिकेत नसीरुद्दीन शाह शिवाजी महाराज होते. ओम पुरींनी सम्राट अशोकही केला आणि औरंगजेबही. त्याच वर्षी सुरू झालेल्या बी. आर. चोप्रांच्या 'महाभारत'चे संवाद राही मासूम रझा लिहीत होते आणि अर्जुन होता फिरोज खान.

ही यादी मी 'बघा, आमचेही लोक होते' असं सांगायला देत नाही. तसं म्हटलं की आपणही त्याच वाटणीत सामील होतो. बेनेगल यांनी नट निवडताना आडनाव पाहिलं नाही. भूमिका पेलणारा माणूस पाहिला. राम आणि टिपू एकाच चेहऱ्याचे असू शकतात, हे त्या मालिकेने भाषण न देता दाखवलं.

सिनेमाच्या बाजाराने मात्र घौस यांना बहुतेक खलनायकीच दिली. तमिळ 'वेट्री विळा' (१९८९) मध्ये ते कमल हासनसमोर, मल्याळम 'ताळ्वारम' (१९९०) मध्ये मोहनलालसमोर उभे राहिले. हिंदी 'कोयला'त (१९९७) ते अमरीश पुरींचे क्रूर भाऊ झाले. तिथेही त्यांनी काम चोख केलं. रंगभूमी त्यांनी सोडली नाही.

२८ एप्रिल २०२२ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. मरहूम सलीम घौस यांच्या नावाचा पुतळा कुठे उभा राहणार नाही, आणि त्याची गरजही नाही. 'भारत एक खोज'चे भाग आजही पाहता येतात. आपल्या मुलांना ते दाखवावेत. आधी राम पाहू द्या, मग टिपू पाहू द्या. नटाचं नाव त्यानंतर सांगा.