बाहेरून आणलेला राजा आणि आपल्या अहिल्याबाई

मंडळी, परवा नातवाने विचारलं, "आजोबा, राजा बाहेरून आणता येतो का?" म्हटलं, हो रे, बाल्कन देशांनी तेच केलं. ग्रीस तुर्कांपासून सुटला, पण गादीवर बसवायला घरचं कोणी नव्हतं. मग बव्हेरियाचा सतरा वर्षांचा ओटो १८३३ साली तिथे जाऊन पोहोचला. १८६२ मध्ये लोकांनी त्याला घालवलं आणि डेन्मार्कचा राजपुत्र आणला. रुमानियानेही १८६६ मध्ये जर्मन घराण्यातला कॅरोल आणला.

आपल्या होळकरांवरही अशी वेळ आली होती. खंडेराव १७५४ मध्ये कुंभेरीला पडले, १७६६ मध्ये मल्हारराव गेले, आणि वर्षभरात नातू मालेरावही गेला. दिवाण गंगाधर यशवंत चंद्रचूड यांचा आग्रह, दत्तक घ्या. दत्तक लहान, म्हणजे कारभार कोणाच्या हाती जाणार हे सांगायला नको! राघोबादादा त्यांच्या पाठीशी. अहिल्याबाईंनी साफ नकार दिला. माधवराव पेशव्यांनी त्यांचा हक्क मान्य केला, लष्कर तुकोजींकडे गेलं, आणि बाईंनी महेश्वरातून १७९५ पर्यंत, म्हणजे अठ्ठावीस वर्षं राज्य चालवलं.

पुढे याच घराण्यात दत्तक आले, १९०३ आणि १९२६ मध्ये दोन महाराजांना गादी सोडावी लागली, १९४८ मध्ये संस्थान मध्य भारतात विलीन झालं. रुमानियाचा राजा मिहाई त्याच्या थोडंच आधी, डिसेंबर १९४७ मध्ये पायउतार झाला होता.

गादी दोन्हीकडची गेली. पण आज इंदूरच्या विमानतळावर नाव कोणाचं आहे, ते नातवाला विचारावं लागत नाही.