उरलेल्या अकरा दिवसांचा हिशेब

धोंड्याचा महिना आला की आमच्या जालना भागात लेक-जावयाला जेवणाचे बोलावणे जाते. पुरणाचे धोंडे होतात, तेहतीस अनारशांचे वाण दिले जाते, मात्र लग्नाचा मांडव पडत नाही. १८ जुलै २०२३ रोजी असाच अधिक श्रावण लागला. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मोहरमचा चाँद दिसला, २० जुलैला हिजरी १४४५ सुरू झाले आणि २९ जुलैला आशुरा आली. शेजारच्या घरात जो महिना वर्षाच्या बाराच्या हिशेबाबाहेरचा, जादा, तोच आमच्या घरात वर्षाचा पहिला आणि पवित्र महिना होता. त्या महिन्यात आमच्याकडेही बहुतेक घरांत लग्ने होत नाहीत. आभाळात चंद्र मात्र एकच होता.

हा प्रकार नीट समजून घेण्यासारखा आहे, कारण त्यावरून टोमणेही मारले जातात. 'तुमचे सण फिरते, त्यांना ऋतू नाही,' हे वाक्य आपल्यापैकी अनेकांनी शाळेच्या वर्गात किंवा कचेरीत ऐकलेले असते.

मूळ अडचण दोघांची एकच आहे. चंद्राचे बारा महिने सुमारे ३५४ दिवसांत संपतात, सूर्याचे वर्ष ३६५ दिवसांचे असते. दरवर्षी जवळपास अकरा दिवस उरतात. या उरलेल्या दिवसांचे करायचे काय? पंचांगकर्त्यांनी ते साठवले. ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत येत नाही तो अधिक धरायचा, असा नियम केला. साधारण साडेबत्तीस महिन्यांनी असा महिना येतो, एकोणीस वर्षांत सात वेळा. म्हणूनच २०२३ च्या एकोणीस वर्षे आधी, २००४ मध्येही श्रावणच अधिक होता. नको असलेल्या या मलमासाला विष्णूने आपले नाव दिले आणि तो पुरुषोत्तम मास झाला, अशी कथा आहे. उरलेल्या दिवसांनाही मान देण्याची ही रीत मला फार माणुसकीची वाटते. अल्‌-बिरुनीने अकराव्या शतकात हिंदुस्थानावर जो अरबी ग्रंथ लिहिला, त्यात अधिक मासाचे गणित समजावून सांगितले आहे. त्यात त्याने हेटाळणी केली नाही.

इस्लामने दुसरा निर्णय घेतला. इस्लामपूर्व अरबस्तानात महिने पुढे-मागे सरकवण्याची 'नसी' नावाची रूढी होती. युद्धबंदीचे पवित्र महिने त्यामुळे सोयीप्रमाणे हलवता येत. कुरआनच्या सूरह तौबामध्ये महिने बाराच आहेत असे सांगून नसीला मनाई करण्यात आली. अकरा दिवस साठवले जात नाहीत, म्हणून रमजान सुमारे तेहतीस वर्षांत सर्व ऋतूंतून फिरून येतो. मराठवाड्याच्या मे महिन्यातला रोजा आणि डिसेंबरातला रोजा यांत केवढे अंतर आहे, हे शेतावर राबणाऱ्याला विचारावे. पण कष्टाचा रोजा कायमचा कोणा एकाच पिढीच्या वाट्याला येत नाही. सण फिरतो तो असा, सर्वांना वाटून घेत.

अधिक मासामुळेच आपले सण एकत्र येतात आणि दुरावतात. २०२१ मध्ये आषाढी एकादशी २० जुलैला आणि बकरी ईद २१ जुलैला होती. २०२२ मध्ये दोन्ही १० जुलैला आल्या, २०२३ मध्ये दोन्ही २९ जूनला. त्या दिवशी महाराष्ट्रातील अनेक गावांत मुस्लिमांनी आपणहून कुर्बानी पुढे ढकलली. मग अधिक श्रावण मध्ये आला आणि २०२४ मध्ये ईद १७ जूनला तर एकादशी १७ जुलैला गेली. आता अशी गाठ पडायला तीसेक वर्षे लागतील.

मात्र सण फिरला तरी पीक फिरत नाही. सारा हिजरी वर्षाने घेतला तर बत्तीस सुगींत शेतकऱ्याला तेहतीस वेळा भरावा लागेल. हे मुस्लिम राज्यकर्त्यांनाही कळत होते. म्हणून पिकाला धरून चालणारे फसली साल निघाले. अकबराच्या काळात ते सुरू झाले आणि शाहजहानच्या काळात दख्खनमध्ये आले. त्याआधीपासून इकडे सूर्याच्या मृगप्रवेशाने सुरू होणारा शुहूर सन होताच. शिवकाळातील आणि पेशवाईतील मराठी कागदांवर वर्ष 'सलास', 'अर्बा' अशा अरबी संख्यांनी आणि दिवस 'छ' म्हणजे चंद्र लिहून रमजान, सफर अशा महिन्यांनी सांगितलेला दिसतो. इस्लामी चंद्र आणि शेतकऱ्याचे मृग नक्षत्र एकाच मराठी ओळीत नांदत होते.

जालना हैदराबाद संस्थानात होते, म्हणून येथील जुन्या सरकारी कागदांवर फसली साल असते. आजूर महिन्याने, म्हणजे ऑक्टोबरात, ते सुरू होई. कागदावर नुसते १३५७ दिसले आणि ते हिजरी समजले तर इसवी सन १९३८ निघते. फसली असेल तर १९४७-४८, म्हणजे पोलीस कारवाईचे वर्ष. जमिनीच्या वादात या दहा वर्षांनी कुळाचा वारस बदलू शकतो. २०२३ मध्ये आमच्याच जिल्ह्यातील अंतरवाली सराटीच्या उपोषणानंतर निजामकालीन नोंदींचा शोध सुरू झाला, तेव्हा मोडी आणि उर्दू वाचणाऱ्यांची गरज एकाच वेळी भासली. इतकी वर्षे परकी ठरवलेली अक्षरे आपल्याच आजोबांची नावे धरून बसली होती.

अकरा दिवस कोणी साठवले, कोणी सोडून दिले, कोणी शेतसाऱ्याच्या वहीत बसवले. तिन्ही हिशेब याच मातीत झाले आणि तिन्ही आपल्या घरांतल्या कागदांवर आहेत. पुढच्या वेळी कोणी 'तुमचे सण फिरते' म्हणाले, तर रागावू नये. त्याला शांतपणे विचारावे, धोंड्याचा महिना कशासाठी येतो? उत्तर शोधता शोधता तोही त्याच चंद्राकडे पाहू लागेल.